मुलींचे पथक कोणासाठी?

पुण्यात आळंदी रस्त्यावर ‘संगम’ नावाची एक वास्तू आहे. १६ ऑक्टोबर १९६६ रोजी स्काऊट चळवळीचे जनक रॉबर्ट बेडन-पॉवेल यांच्या पत्नी लेडी ओलेव्ह यांच्या हस्ते तिचे उद्घाटन झाले. मुलींच्या गाईड चळवळीच्या जागतिक संघटनेने १९३२ साली स्वित्झर्लंडच्या डोंगरात आणि १९५७ साली मेक्सिकोत आपली केंद्रे उघडली. त्यानंतरचे केंद्र आशियात काढायचे ठरले, तेव्हा निवड झाली ती पुण्याची. रसायनीहून निघून बोरघाट चढला की ही वास्तू काही तासांच्या अंतरावर आहे. तरीही घाटाच्या अलीकडे, आमच्या खालापूर आणि कर्जत तालुक्यांत ‘गाईड’ म्हटले की लोकांना आठवते ती २६ जानेवारीच्या संचलनातली निळ्या गणवेशातल्या मुलींची रांग, पाहुण्यांच्या स्वागतासाठी उभे केलेले पथक आणि दहावीला मिळणारे सवलतीचे गुण.

संचलनाला माझा विरोध नाही आणि गुणांबद्दल तक्रारही नाही. पण मुलींच्या या चळवळीचा शंभराहून अधिक वर्षांचा इतिहास वाचताना एक ओढाताण सतत दिसते. एका बाजूला मुलींना हवे असते मोकळे मैदान, स्वतःचा गट आणि स्वतःचा निर्णय. दुसऱ्या बाजूला मोठ्या माणसांना त्यांच्याकडून हवी असते शिस्त, सेवा आणि शोभा. पहिली बाजू वरचढ ठरली तेव्हा चळवळीने माणसे घडवली. दुसरी वरचढ ठरली तेव्हा गणवेश उरला आणि आतला प्राण गेला. रसायनीसारख्या ठिकाणी ही निवड आज नव्याने करावी लागणार आहे, आणि ती पहिल्या बाजूने झाली पाहिजे.

न बोलावता आलेल्या मुली

१९०८ साली रॉबर्ट बेडन-पॉवेल यांचे स्काऊटिंगवरचे पुस्तक निघाले, ते मुलग्यांसाठी. माग काढणे, तारे ओळखणे, चूल पेटवणे, रात्र उघड्यावर काढणे हे सारे त्यात होते. पुस्तक बहिणींच्याही हाती पडले. मुलींनी कोणाची परवानगी न विचारता आपापली पथके उभी केली. काहींनी तर पूर्ण नाव न लिहिता फक्त आद्याक्षरांवर नोंदणी करून घेतली. ४ सप्टेंबर १९०९ रोजी लंडनच्या क्रिस्टल पॅलेसमध्ये स्काऊटांचा मोठा मेळावा भरला, तेव्हा घरी शिवलेल्या गणवेशात मुलींचा एक गट तिथे हजर झाला आणि आम्हीही स्काऊट आहोत असे त्यांनी सांगितले. मुलींची चळवळ कोणी वरून दिलेली नाही. ती मुलींनी मागून, किंबहुना आधी सुरू करून मग मागून, मिळवलेली आहे.

पुढच्याच वर्षी, १९१० साली, त्यांच्यासाठी वेगळी संघटना निघाली. बेडन-पॉवेल यांची बहीण ॲग्नेस तिच्या प्रमुख झाल्या. १९१२ साली मुलींसाठी जे हस्तपुस्तक आले, त्याच्या शीर्षकातच साम्राज्याच्या उभारणीला मुली कशी मदत करू शकतील हा विषय होता. मुलींना तंबू हवा होता. त्यांच्यापुढे शुश्रूषा, गृहकृत्ये आणि साम्राज्यसेवा आली. लहान मुलांच्या शाखांत हा फरक आणखी उघड दिसतो. छोट्या मुलग्यांना ‘कब’ म्हणून किपलिंगच्या मोगलीचे जंगल मिळाले, आपल्या मध्य भारतातल्या सिवनीचे. छोट्या मुलींच्या शाखेला आधी ‘रोझबड’ म्हणजे गुलाबकळी असे नाव मिळाले. मग ‘ब्राउनी’ आल्या, त्या मध्यरात्री गुपचूप घरकाम उरकून ठेवणाऱ्या परीकथेतल्या जीवांवरून. मुलग्यांसाठी जंगल आणि मुलींसाठी झाडलोट, अशी वाटणी पहिल्या काही वर्षांतच होऊन गेली.

पण मुलींना एकदा गट करून बाहेर पडू दिले, की त्या ठरवून दिलेल्या चौकटीत मावत नाहीत. पहिल्या महायुद्धात ब्रिटनच्या गुप्तचर खात्याने निरोप्यांचे काम आधी स्काऊट मुलग्यांकडे दिले होते. पुढे ते गाईड मुलींकडे सोपवले, कारण गुप्तता राखण्यात त्या अधिक विश्वासू ठरल्या. दुसऱ्या महायुद्धात राव्हेन्सब्रूकच्या नाझी छळछावणीत पोलंडच्या गाईडांनी युझेफा कांतोर यांच्या नेतृत्वाखाली एक गुप्त पथक चालवले. अन्न वाटून घेणे, आजाऱ्यांना जपणे, खचलेल्यांना उभे करणे हे काम त्यांनी जिवावर उदार होऊन केले. तिथे त्यांच्याकडे गणवेश नव्हता, बिल्ले नव्हते, संचलन नव्हते. शिल्लक होती ती लहान गटात एकमेकींची जबाबदारी घेण्याची सवय, आणि तीच कामी आली.

साम्राज्याची शपथ आणि आपली वाट

भारतात गाईडिंग आले १९११ साली, जबलपूरला. सुरुवातीला ते युरोपीय आणि अँग्लो-इंडियन मुलींपुरते होते. भारतीय मुलींना प्रवेश मिळायला आणखी काही वर्षे गेली. ज्या देशाच्या जंगलावर ‘कब’ शाखेची सगळी कथा रचली गेली, त्याच देशातल्या मुलामुलींना दारात थांबवले गेले, हे विसरून चालणार नाही. या अपमानाला इथल्या लोकांनी उत्तरही दिले. १९१६ साली मद्रासला ॲनी बेझंट यांनी भारतीय मुलांसाठी स्वतंत्र स्काऊट संघटना काढली. अलाहाबादला मदनमोहन मालवीय, हृदयनाथ कुंझरू आणि श्रीराम वाजपेयी यांनी सेवा समितीच्या नावाने स्काऊट पथके उभारली. १९२१ च्या दौऱ्यात बेडन-पॉवेल यांनी बेझंटबाईंची संघटना मुख्य प्रवाहात सामावून घेतली. सेवा समितीने मात्र आपले वेगळेपण राखले. १९३७ साली बेडन-पॉवेल यांनी भारतीयांच्या चारित्र्याबद्दल अनुदार उद्गार काढले, तेव्हा दुरावा आणखी वाढला.

महाराष्ट्रात याच काळात मुलींच्या संघटनेला दोन वेगळी रूपे मिळाली. १९३६ साली विजयादशमीला वर्ध्यात लक्ष्मीबाई केळकर यांनी राष्ट्र सेविका समिती स्थापन केली. तिथे मुली आणि स्त्रिया स्वतंत्रपणे एकत्र येत. १९४१ च्या जूनमध्ये पुण्यात राष्ट्र सेवा दलाची नवी उभारणी झाली, एस. एम. जोशी दलप्रमुख झाले, आणि तिथे मुले-मुली एकाच शाखेत, एकाच शिबिरात येऊ लागली. दोहोंची विचारसरणी वेगळी, बऱ्याच बाबतींत परस्परविरोधी. तरी मुलींनी घराच्या उंबऱ्याबाहेर नियमितपणे, गटाने आणि शिस्तीने यावे, ही गोष्ट दोन्हीकडे मान्य झाली होती. गाईड चळवळीशी या दोन्हींचा थेट संबंध नाही, पण प्रश्न एकच होता: मुलींना सार्वजनिक जीवनासाठी तयार करायचे, तर ते कुठे आणि कसे?

त्या तयारीचे फळ काय असते, याचे मराठी वाचकाला सर्वांत जवळचे उदाहरण मृणाल गोरे यांचे आहे. वैद्यकीय शिक्षण सोडून त्या सेवा दलाच्या कामात उतरल्या. गोरेगावच्या पाण्यासाठी त्या लढल्या, आणि १९७२ नंतर महागाईविरोधात हजारो गृहिणी लाटणी घेऊन मुंबईच्या रस्त्यावर आल्या तेव्हा त्या आघाडीवर होत्या. मोर्चा संघटित करणे, कामे वाटून देणे, दहा जणींचे मत ऐकून एक निर्णय काढणे ही कौशल्ये चाळिशीत अचानक येत नाहीत. ती कोवळ्या वयात, लहान गटात, चुका करण्याची मुभा असताना अंगी मुरतात.

स्वातंत्र्यानंतर ७ नोव्हेंबर १९५० रोजी देशातल्या स्काऊट संघटना एकत्र येऊन ‘भारत स्काऊट्स आणि गाईड्स’ जन्माला आली, आणि १५ ऑगस्ट १९५१ रोजी मुलींची अखिल भारतीय गाईड संघटना तिच्यात सामील झाली. राजाशी निष्ठेची शपथ गेली, देशाशी निष्ठेची आली. छोट्या मुली ‘बुलबुल’ झाल्या, मोठ्या ‘गाईड’, त्याहून मोठ्या ‘रेंजर’. १९२८ साली मुलींची जागतिक संघटना स्थापन झाली तेव्हापासून भारत तिचा संस्थापक सदस्य आहे. म्हणून ‘ही इंग्रजांची चीज, आपल्याला कशाला’ हा आक्षेप मला पटत नाही. भारतीयांनी ही चळवळ जशीच्या तशी उचलली नाही. ते तिच्याशी भांडले, तिला पर्याय उभे केले, आणि शेवटी तिला आपल्या अटींवर आपलेसे केले.

सहा जणींचे राज्य

या चळवळीचा गाभा कोणता? माझ्या मते तो एका साध्या रचनेत आहे. पथकातल्या मुलींचे सहा ते आठ जणींचे संघ पडतात. प्रत्येक संघ आपली संघनायिका निवडतो. संघनायिकांची एक बैठक असते, तिला गाईडमध्ये ‘कोर्ट ऑफ ऑनर’ म्हणतात. पुढचे शिबिर कुठे, पैसे कसे जमवायचे, कोणाची तक्रार आहे, हे तिथे ठरते. गाईड कॅप्टन, म्हणजे बाई, हजर असतात, पण निर्णय मुलींनी घ्यायचा असतो. ‘खरी कमाई’ हा उपक्रमही त्याच विचारातला आहे: वर्गणी मागायची नाही, काम करून चार पैसे मिळवायचे आणि त्यांचा हिशेब आपण ठेवायचा.

इथे काही जण म्हणतील की मुलींसाठी एनसीसी आहेच. १९४९ पासून तिची मुलींची शाखा आहे. एनसीसीबद्दल मला आदर आहे. पण ती सैनिकी रचना आहे. तिथे आज्ञा वरून येते आणि ती चोख पाळणे हे शिक्षण असते. गाईडच्या संघात मुलीने शिकायचे असते ते आज्ञा येण्याआधी काय करायचे हे ठरवायला. आपल्या समाजात मुलींना आज्ञा पाळण्याचे शिक्षण कमी पडले आहे असे कोणीच म्हणणार नाही. ते त्यांना घरी, शाळेत, नात्यात, सगळीकडे मिळते. आपले मत मोजले जाईल अशी जागा मात्र त्यांना फार क्वचित मिळते.

म्हणूनच स्वागताच्या रांगा मला बोचतात. पाहुणे उशिरा येतात, मुली उन्हात उभ्या राहतात, औक्षण होते, भाषण होते, छायाचित्र निघते. यालाच ‘सेवा’ म्हटले जाते. सेवेचा निर्णय मुलींनी घेतला असेल, गावातली गरज त्यांनी पाहिली असेल, काम त्यांनी आखले असेल, तर ती सेवा. नाहीतर ते फुकटचे राबणे आहे आणि त्याची सवय मुलींना आधीपासूनच पुष्कळ आहे.

वारा कुठून येतो?

हे सगळे रसायनीत का बोलायचे? कारण गाईडच्या ‘सदैव तयार’ या ब्रीदाला इथे रोजचा अर्थ आहे. हिंदुस्थान ऑर्गॅनिक केमिकल्स आणि हिंदुस्थान इन्सेक्टिसाइड्स या सरकारी कारखान्यांभोवती हे गाव वाढले. पाताळगंगेच्या काठाने औद्योगिक वसाहत पसरली. देशभरातून कामगार कुटुंबे आली. डिसेंबर २०१८ मध्ये रसायनीत वायुगळती झाली, तेव्हा आसपासच्या झाडांवरची माकडे आणि कबुतरे मेली. भोपाळच्या वायुकांडानंतर कायदे कडक झाले. घातक रसायनांसाठीच्या १९८९ च्या नियमांनी कारखान्याबाहेरच्या वस्तीसाठीही आपत्कालीन योजना बंधनकारक केली. पण योजना कागदावर असते आणि वायू हवेत. भर दुपारी गळती झाली तर घरात कोण असते? म्हातारी माणसे, लहान मुले, बायका आणि शाळेतून आलेल्या मुली. वारा कोणत्या दिशेने वाहतो आहे हे धुराकडे किंवा झेंड्याकडे पाहून ओळखणे, वाऱ्याच्या मार्गातून आडव्या दिशेने बाहेर पडणे, ओल्या फडक्याने नाकतोंड झाकणे, शेजारच्या आजीला कोणी उचलायचे हे आधीच ठरलेले असणे, या गोष्टी तेरा वर्षांच्या मुलीला चार रविवारांत नीट शिकवता येतात. वाऱ्याची दिशा ओळखणे हा स्काऊट-गाईडच्या शिक्षणाचा जुनाच भाग आहे. तो आमच्या गावात जीवनमरणाचा भाग होऊ शकतो.

डोंगराकडची बाजू आणखी कठोर आहे. १९ जुलै २०२३ च्या रात्री चौकजवळ इर्शाळगडाच्या कुशीतल्या इर्शाळवाडीवर दरड कोसळली. ठाकर कुटुंबांची ती वाडी होती. २७ मृतदेह सापडले, ५७ माणसे बेपत्ता राहिली आणि शोध थांबवावा लागला. वाडीला गाडीरस्ता नव्हता. बचाव पथकांना पावसात, अंधारात, पायी चढून जावे लागले. एवढ्या मोठ्या दरडीपुढे प्रथमोपचाराचे शिक्षण पुरे पडले असते असे मी म्हणणार नाही. ते त्या माणसांच्या दुःखाचा अपमान ठरेल. पण दरड असो, पूर असो की सर्पदंश, पहिला तास नेहमी शेजाऱ्यांचाच असतो, हे इथला प्रत्येक जण जाणतो. त्या तासात काय करायचे हे माहीत असलेल्या मुली प्रत्येक वाडीत असाव्यात, एवढी अपेक्षा रास्त आहे. डोंगराला नवी भेग दिसली, झऱ्याचे पाणी अचानक गढूळ झाले, झाडे कलली, तर ते मोठ्यांपर्यंत पोचवण्याचा आणि त्यांनी ते ऐकून घेण्याचा रिवाज असावा, हीसुद्धा. यातले ‘ऐकून घेणे’ सर्वांत अवघड आहे. त्यासाठी मुलीच्या शब्दाला आधीपासून वजन असावे लागते.

ज्यांना आधीच येते

आमच्या भागातली एक विसंगती दर रविवारी दिसते. मुंबई-पुण्याच्या मुली पैसे भरून सोंडाई, पेठ, इर्शाळगडावर येतात. दोराला गाठ कशी मारायची, पायवाट कशी ओळखायची हे त्या आनंदाने शिकतात, आणि ते चांगलेच आहे. पण त्यांच्याच वयाची वाडीतली मुलगी तेव्हा पिठले-भाकरी वाढत असते, किंवा मोळी घेऊन त्याच वाटेने उतरत असते. तिला ती वाट अंधारातही येते. पहिल्या पावसात कोणती रानभाजी खायची आणि कोणती टाळायची, ओल्या लाकडावर चूल कशी पेटवायची, आजाऱ्याला झोळीतून कसे उतरवायचे, हे तिला शिकवावे लागत नाही. शहरातल्या मुलीला ज्याबद्दल बिल्ला मिळतो, ते वाडीतल्या मुलीचे रोजचे काम असते, आणि त्याबद्दल तिला कोणी शाबासकीही देत नाही.

स्काऊटिंगचे बरेचसे ज्ञान मुळात अशाच माणसांकडून घेतलेले आहे. बेडन-पॉवेल आफ्रिकेत आणि भारतात सैनिक म्हणून वावरले आणि माग काढण्याची, रानात राहण्याची विद्या त्यांनी तिथल्या लोकांची पाहिली. चळवळीतल्या शिक्षकांना मिळणारे ‘वुड बॅज’चे लाकडी मणीसुद्धा झुलूंच्या दिनिझुलू राजाच्या माळेशी जोडले जातात. मग कर्जत-खालापूरची ठाकर किंवा कातकरी मुलगी या चळवळीत शिकाऊ म्हणूनच का यावी? तिने शिक्षिका म्हणून यावे. रानओळखीचा बिल्ला तिने इतरांना द्यावा.

पण ती यायची कशी? आपल्याकडे गाईडचे पथक शाळेला बांधलेले आहे. शाळा सुटली की पथक सुटले. कातकरी कुटुंबे दिवाळीनंतर वीटभट्ट्यांवर जातात, मुली बरोबर जातात, आणि त्यांतल्या अनेक जणी परत वर्गात येत नाहीत. ज्या मुलीला पथकाची सर्वाधिक गरज, तीच आधी बाहेर पडते. कारखान्यावर उभ्या राहिलेल्या वसाहतीचेही असेच होते. २०१७ साली हिंदुस्थान ऑर्गॅनिकचा इथला बहुतेक पसारा बंद करण्याचा निर्णय झाला. कारखान्याच्या आधाराने चाललेल्या गोष्टी कारखान्याबरोबर ओसरतात. म्हणून पथक शाळेचे नको, गावाचे हवे. शाळेबाहेरच्या खुल्या पथकांना नियमांत जागा आहे. आपण ती वापरत नाही, एवढेच.

दोन आक्षेप

पहिला आक्षेप पालकांचा: मुलीला रात्री शिबिराला कसे पाठवायचे? ही भीती खरी आहे आणि तिची थट्टा करू नये. तिच्यावर उपाय म्हणजे ओळखीच्या बाई, जवळची जागा, पालकांना खुले शिबिर आणि पहिल्या दिवसापासून तक्रार सांगायची ठरलेली सोय. पण भीतीपोटी शिबिरच रद्द करणे हा उपाय नव्हे. एक रात्र घराबाहेर, आपल्याच सोबतिणींनी आखलेल्या पहाऱ्यात, काढून आलेल्या मुलीला आपण काय करू शकतो हे कळलेले असते, आणि तिच्या आईलाही ते कळते.

दुसरा आक्षेप काळाचा: जगभर स्काऊटिंग मुला-मुलींसाठी एकत्र होत आहे, मग वेगळे पथक कशाला? ब्रिटनमध्ये १९९१ पासून स्काऊटच्या सर्व शाखा मुलींना खुल्या झाल्या. अमेरिकेतली मुलग्यांची संघटना मुलींना घेऊ लागली आणि २०२५ मध्ये तिने नावातून ‘बॉय’ शब्दही काढला. सेवा दलाने तर हे आपल्याकडे कितीतरी आधी करून दाखवले. एकत्र येण्याचे महत्त्व मी मानतो, आणि मोठ्या शिबिरांत, आपत्तीच्या सरावांत मुले-मुली एकत्रच असावीत. पण दहा ते पंधरा या वयात, जिथे ग्रामसभेतही बायका मागच्या ओळीत बसतात तिथे, मुलगी मिश्र गटाची नायिका सहजी होत नाही. मुलगी हिशेब लिहिते, मुलगा घोषणा देतो. ज्या संघात सगळ्याच मुली आहेत, तिथे नकाशा वाचायला, दोर बांधायला, भांडण मिटवायला आणि चूक झाली तर उत्तर द्यायला मुलीच असतात. हा सराव झाल्यावर त्या मिश्र सभेत गेल्या तर मागच्या ओळीत बसणार नाहीत. वेगळे पथक हा मुक्काम नाही, पण इथल्या मुलींसाठी तो अजून आवश्यक टप्पा आहे.

मागणी

म्हणून चार गोष्टी व्हाव्यात. रसायनी-मोहोपाडा परिसरात आणि डोंगरातल्या वाड्यांत शाळेबाहेरची खुली पथके निघावीत, आणि शाळा सुटलेल्या मुलींना त्यांत पहिली जागा असावी. कारखान्यांच्या आपत्कालीन सरावात या पथकांना प्रेक्षक म्हणून न बसवता नेमून दिलेले काम असावे. रानाची विद्या स्थानिक मुलींकडून शिकण्याची सोय अभ्यासक्रमात असावी. आणि वर्षातून एक तरी शिबिर असे असावे, ज्याचा खर्च, जागा आणि कार्यक्रम मुलींनी ठरवला आहे. यात खर्चिक असे काही नाही. अवघड आहे ते मोठ्यांनी मागे सरणे.

१९०९ साली त्या मुली आमंत्रणाशिवाय आल्या, म्हणून ही चळवळ जन्मली. आमच्याकडच्या मुलींना तेवढेही करावे लागू नये. त्यांना रांगेत उभे करण्याआधी आपण विचारावे, तुमच्या गावात काय बदलायला हवे आणि ते तुम्ही कसे कराल? त्यांचे उत्तर आपल्या सोयीचे नसेल, तरी त्या उत्तरावर पथक चालवायची तयारी गावाची असली पाहिजे. तसे झाले तर निळ्या गणवेशाला अर्थ येईल आणि ‘सदैव तयार’ हे ब्रीद इथे रोज खरे ठरेल.